धगोबा आणि त्याची उपासना : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

धगोबा हा ऐरणखोऱ्यातील धातुकाम करणाऱ्या लोकांचा देव आहे. ऐरणखोरे कोणत्याही नकाशावर सापडणार नाही. ते मी माझ्या कथांसाठी कल्पिले आणि त्याच्याबरोबरच हा देवही कल्पिला. कथा वाचणाऱ्यांकडून या देवाविषयी तेच ते प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत. देव कल्पित असला, तरी त्याच्या उपासनेतील जवळजवळ प्रत्येक रीत खऱ्या भट्टीवरून, खऱ्या लोहारकामावरून किंवा जगात कुठे तरी मनोभावे पुजल्या जाणाऱ्या देवांवरून सुचलेली आहे, आणि ती कशावरून सुचली हेही त्या त्या उत्तरात सांगितले आहे.

धगोबा नेमका कशाचा देव आहे? अग्नीचा, की लोखंडाचा?

दोन्हींचा नाही. भात्यातून भट्टीत जाणाऱ्या वाऱ्याचा तो देव आहे.

हे समजण्यासाठी भट्टीत काय घडते ते पाहावे लागेल. शुद्ध लोखंड १५३८ अंश सेल्सिअसला वितळते आणि जुन्या मातीच्या भट्ट्यांत लोखंड पूर्ण वितळावे इतकी उष्णता सहसा टिकत नसे. तरीही त्या भट्ट्यांतून हजारो वर्षे लोखंड निघाले, कारण दगडातून लोखंड मिळवण्यासाठी ते वितळवण्याची गरजच नसते. कोळसा अपुऱ्या हवेत जळला की कार्बन मोनॉक्साइड तयार होतो आणि तो वायू खनिजातील ऑक्सिजन काढून घेतो. खनिजातील दगडमातीचा अंश सुमारे १२०० अंशांच्या आसपास वितळून मळी म्हणून वाहून जातो आणि मागे उरतो तो सच्छिद्र, ओबडधोबड, स्पंजासारखा लोखंडाचा गोळा. वारा कमी पडला तर मळी वाहत नाही आणि सगळे एकत्र गोठून बसते. उष्णतेचा आणि कोळशाचा मेळ चुकून लोखंडाने फार कार्बन ओढून घेतला, तर बीड, म्हणजे ठिसूळ ओतीव लोखंड, तयार होते आणि ते घणाखाली फुटते. खनिज कोणत्या टेकडीचे घ्यायचे, कोळसा कोणत्या झाडाचा घ्यायचा, माती किती मळायची, हे सगळे कारागिराला ठाऊक असते. मात्र भट्टी एकदा पेटली की आत काय चालले आहे ते त्याला दिसत नाही. त्याच्या हाती उरतो तो केवळ भात्याचा दांडा. हात जोडावेसे वाटतात ते याच ठिकाणी, आणि म्हणून ऐरणखोऱ्याचा देव मी ज्वाळेत न ठेवता वाऱ्यात ठेवला.

ही कल्पना माझी एकट्याची आहे असेही नाही. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील ७२ व्या सूक्तात ब्रह्मणस्पतीने कर्माराप्रमाणे, म्हणजे लोहाराप्रमाणे, फुंकून जग घडवले असे म्हटले आहे. त्याच मंडलातील ८१ व्या सूक्तात विश्वकर्मा आपल्या बाहूंनी आणि पंखांनी फुंकून आकाश व पृथ्वी सांधतो. हे पंख म्हणजे निखाऱ्याला वारा घालण्यासाठी लोहार वापरत असलेली पक्ष्यांची पिसे असावीत, असा अर्थ अनेक अभ्यासक लावतात. देवाने जग फुंकून सांधले, ही प्रतिमा ज्याने पहिल्यांदा मनात आणली, त्याने कधी तरी भट्टीजवळ बसून पाहिले असले पाहिजे, असे मला मनापासून वाटते.

‘धगोबा’ हे नाव का?

पहिल्या मसुद्यात त्याचे नाव संस्कृत वळणाचे होते आणि त्या नावाने त्याला हाक मारणारा एकही भातेकरी मला डोळ्यांसमोर आणता येईना. ज्या देवाला काजळी लागलेल्या हातांनी शिवायचे, त्याचे नाव खंडोबा, म्हसोबा, बिरोबा यांच्या घरातले असावे. धग हा शब्द त्यासाठी नेमका आहे, कारण जाळ डोळ्यांना दिसतो आणि धग अंगाला लागते.

तो लंगडा आणि एका डोळ्याने अधू का दाखवला आहे?

जगातील लोहारदेवांमध्ये ही दोन व्यंगे इतक्या वेळा दिसतात की ती टाळणेच अवघड होते. ग्रीकांचा हेफेस्टस लंगडा आहे. एका कथेत आई त्याला व्यंगामुळे ऑलिंपस या देवांच्या पर्वतावरून खाली टाकते, तर दुसऱ्या कथेत देवांचा राजा झ्यूस त्याला भिरकावतो आणि तो लेम्नोस बेटावर पडतो. उत्तर युरोपातील वेलंड या लोहाराच्या पायाच्या शिरा राजाच तोडतो, कारण इतका कसबी माणूस राज्याबाहेर जाऊ द्यायचा नसतो. झ्यूसची वज्रे घडवणारे सायक्लोप्स एकाक्ष आहेत आणि जपानमध्ये ‘अमे नो माहितोत्सु’ या लोहारदेवाच्या नावातच एक डोळा आहे. भट्टीच्या छिद्रातून ज्वाळेचा रंग पाहताना कारागीर एक डोळा मिटतो आणि वर्षानुवर्षे धग खाऊन दुसरा डोळा निकामी होतो, असे त्याचे स्पष्टीकरण दिले जाते. लंगडेपणाबद्दल अभ्यासकांनी एक तर्क मांडला आहे. कथील सर्वत्र मिळू लागण्यापूर्वी पश्चिम आशियात आणि एजियन समुद्राच्या परिसरात तांब्यात आर्सेनिक असलेले मिश्रधातू वापरात होते. त्यांच्या धुराने मज्जातंतू दुखावतात आणि पाय लुळे पडू शकतात. तर्क सिद्ध झालेला नसला, तरी माणसाच्या दुखण्यावरून देवाचे रूप घडते ही गोष्ट मला पटते.

धगोबाच्या लंगडण्याला मी मात्र वेगळे कारण दिले. मध्य प्रदेश आणि छत्तीसगडमधील आगरिया लोक लोखंड गाळताना चामड्याने मढवलेले दोन भाते पायांनी तुडवत. डावा पाय खाली गेला की उजवा वर येतो, उजवा खाली गेला की डावा वर येतो. तासन्‌तास असे चालणाऱ्या माणसाकडे लांबून पाहिले, तर तो जागच्या जागी लंगडत चालला आहे असे वाटते. धगोबा लंगडतो, कारण तो अजून भाता तुडवतो आहे. त्याच्या स्थानाभोवती भक्त प्रदक्षिणा घालतात तीही एक पाय जड आणि एक हलका टाकून. नव्याने आलेल्या परक्याला ती थट्टा वाटते आणि पहिल्याच कथेत त्यावरून मारामारी होते.

मूर्ती नाही, तर पूजा कशाची करतात?

भट्टीत वारा नेणाऱ्या मातीच्या नळीची, आणि तीही नव्या नळीची नव्हे.

भात्याचे तोंड थेट भट्टीत घातले तर ते जळून जाईल, म्हणून मध्ये भाजक्या मातीची जाड नळी बसवतात. तिचे आतले टोक भट्टीतील सर्वांत तापलेल्या जागी असते. काम संपेपर्यंत ते टोक झिजते, वितळते आणि त्यावर मळीचा काचेसारखा थर चढतो. बाहेरचे टोक मातीच्या रंगाचे, मधला भाग विटेसारखा लाल, त्यापुढे करडा, आणि अगदी शेवटी काळपट हिरवी, ओघळलेली चकाकी, असे तिचे रूप होते. वीतभर लांबीच्या त्या तुकड्यावर एका संपूर्ण रात्रीची उष्णता लिहिलेली असते. जगभरच्या उत्खननांत अशा नळ्यांचे तुकडे मळीच्या ढिगांत सापडतात आणि पुरातत्त्वज्ञ त्यांवरून भट्टीची रचना ताडतात. आपल्याकडे विदर्भात, नागपूरजवळच्या नायकुंड येथे, महापाषाणीय काळातील लोखंड गाळण्याच्या भट्टीचे अवशेष सापडले आहेत. तो काळ इसवी सनापूर्वीच्या पहिल्या सहस्रकातला आहे.

ऐरणखोऱ्यात चांगला गोळा देणारी नळी फेकत नाहीत. तिचे उरलेले टोक धुऊन, तेल लावून भट्टीघराच्या कोनाड्यात उभे करतात आणि तोच धगोबा. प्रत्येक घरचा धगोबा त्यामुळे वेगळ्या उंचीचा, वेगळ्या रंगाचा असतो. पुढच्या भट्टीचा गोळा अधिक चांगला निघाला, तर जुना धगोबा कुटून नव्या नळीच्या मातीत मिसळतात. जुने भाजके भांडे कुटून नव्या मातीत घातले की माती तापल्यावर कमी तडकते, हे कुंभारालाही माहीत असते. ऐरणखोऱ्यात त्याच गोष्टीला देव पुन्हा जन्माला आला असे म्हणतात.

मुसाई कोण आहे? आणि भट्टीवर स्त्रिया कशा काय काम करतात?

सोनार आणि ओतारी ज्या भांड्यात धातू वितळवतात त्याला आपण मूस म्हणतो. मुसाई ही त्या मुशीची आणि भट्टीच्या पोटाची देवी आहे. धगोबा वारा देतो, गोळा मात्र मुसाईच्या पोटी वाढतो.

भट्टी म्हणजे गर्भवती स्त्री आणि गोळा म्हणजे तिचे बाळ, ही कल्पना आफ्रिकेच्या मोठ्या भागात आढळते. तेथील काही भट्ट्यांवर मातीचे स्तन घडवलेले असत आणि भट्टी चालू असेपर्यंत कारागीर ब्रह्मचर्य पाळत. ज्या समाजांनी भट्टीला आई म्हटले, त्यांपैकी अनेकांनी खऱ्या स्त्रियांना मात्र भट्टीजवळ येण्याची बंदी केली. जपानमधील कानायागो ही लोखंड गाळणाऱ्यांची देवता बहुतेक ठिकाणी स्त्रीरूपच मानली जाते, शिमाने प्रांतातील यासुगी येथे तिचे मुख्य देवस्थान आहे, आणि तिला स्त्रिया आवडत नाहीत असे सांगून भट्टीघरात स्त्रियांना मज्जाव होता.

मला हे ऐरणखोऱ्यात आणायचे नव्हते, आणि त्याचे कारण पुस्तकी नाही. आमच्या गावी पावसाळ्याच्या तोंडावर घिसाडी येत. नांगराचे फाळ शेवटून, म्हणजे तापवून-ठोकून त्यांचे टोक नीट करून घ्यायला, विळे-कोयत्यांना धार करून घ्यायला लोक तेथे बसलेले असत. पुरुष उकिडवा बसून सांडशीने लाल फाळ ऐरणीवर धरी आणि समोर उभी असलेली त्याची बायको घण घाली. नऊवारीचा काचा घट्ट मारलेला, घण डोक्यामागून येई आणि तो ज्या ठिकाणी हलक्या हातोडीने टिचकी मारी, नेमका तेथेच पडे. थांबायचे झाले की तो हातोडी लोखंडावर न मारता रिकाम्या ऐरणीवर एकदा वाजवी आणि घण हवेतच मंदावे. त्या दोघांत एक शब्दही होत नसे. हे पाहिलेल्या माणसाला भट्टीवर बाई नको असे लिहिणे शक्य नाही. ऐरणखोऱ्यात घण घालण्याचा पहिला मान बाईचा आहे आणि रिकाम्या ऐरणीवरचा तो एक ठोका धगोबाच्या आरतीचा शेवट आहे.

गोळा काढण्याचा विधी कसा असतो?

या विधीविषयी सर्वांत जास्त विचारणा होते आणि माझेही सर्वांत जास्त मन यातच आहे, म्हणून हे उत्तर लांबणार आहे.

भट्टी कृष्णपक्षात, सूर्य मावळल्यावर पेटवतात. यामागे अशुभ काही नाही. तापलेल्या धातूचा आणि ज्वाळेचा रंग अंधारातच नीट ओळखता येतो. दुपारच्या उन्हात जे लोखंड काळेच दिसते, ते अंधाऱ्या खोलीत मंद लाल दिसते. म्हणूनच लोहाराच्या कामाच्या जागा बहुधा अंधाऱ्या ठेवलेल्या असतात.

पेटवण्यापूर्वी भातेकरी एक दिवसाचा उपास करतात आणि पेटवल्यानंतर भट्टीघरात मौन असते. मौनाचे कारण असे, की भट्टीचा आवाज ऐकावा लागतो. वारा सारखा जात असेल तर आत एकसुरी घरघर चालू असते. नळीच्या तोंडाशी मळी साचू लागली की तो सूर कोंदटतो, आणि वेळीच सळईने तोंड मोकळे केले नाही तर रात्रभराची मेहनत वाया जाते. बोलण्याला बंदी असली तरी गाण्याला नाही. भातेकरी ओव्या म्हणतात:

पहिली माझी फुंक, निखारा उघडी डोळा
दुसरी माझी फुंक, दगडाचा होई गोळा
तिसरी माझी फुंक, मुसाईच्या पोटी
चौथी माझी फुंक, धगोबाच्या ओठी

एका ओळीला भात्याचे दोन दाब, एका ओवीला आठ, आणि ठरावीक संख्येने ओव्या झाल्या की कोळशाची एक टोपली व खनिजाची एक टोपली भट्टीत पडते. ओवी हे येथे घड्याळ आहे. घड्याळे नव्हती तेव्हा मध्ययुगीन युरोपातील कृतींमध्ये अमुक इतक्या वेळा प्रार्थना म्हणेपर्यंत तापवावे असे लिहीत, आणि आपल्या बायकांनी जात्यावर दळण किती झाले ते ओव्यांवरून जोखले. भक्ती आणि मोजमाप एकाच शब्दात मावतात, हे मला या विधीत दाखवायचे होते, आणि एखाद्या कथेत भातेकऱ्याचा सूर चुकतो तेव्हा गोळा का बिघडतो, हे त्यामुळे वेगळे सांगावे लागत नाही.

पहाटे भट्टीची समोरची भिंत फोडतात. गोळा बाहेर येतो तेव्हा तो पांढरट पिवळा असतो आणि त्यातून मळी गळत असते. लगेच लाकडी मोगऱ्यांनी हलके ठोकून तो घट्ट करतात, कारण त्या क्षणी जोराचा घाव घातला तर तो विखुरतो. गोळा थंड होईपर्यंत त्याचे वजन करायचे नाही आणि किती निघाला हे कोणी विचारायचे नाही, असा नियम आहे. त्यामागे हिशेबही आहे, कारण गरम गोळ्यात अडकलेली मळी पुढे घणाखाली निघून जाते आणि घडवण्याजोगे लोखंड त्याहून बरेच कमी भरते.

हे काम किती मोठे होऊ शकते, याची कल्पना यावी म्हणून जपानचे उदाहरण देतो. तेथील ‘तातारा’ भट्टी तीन दिवस आणि तीन रात्री अखंड चालते. शिमाने प्रांतातील योकोता येथे तलवारींच्या पोलादासाठी ही पद्धत १९७७ साली पुन्हा सुरू करण्यात आली. एका वेळी सुमारे १० टन लोहवाळू आणि सुमारे १२ टन कोळसा घातल्यावर अडीच टनांच्या आसपास गोळा मिळतो आणि त्यातलाही थोडाच भाग तलवारीच्या योग्यतेचा असतो. ऐरणखोऱ्यातील भट्ट्या याच्या मानाने फार लहान आहेत. चार माणसे, एक रात्र आणि एका माणसाला कसाबसा उचलता येईल एवढा गोळा.

पोलादाला पाणी पाजताना भक्त लोहचुंबक का जवळ धरतात?

पोलाद साधारण ७७० अंशांच्या पुढे तापले की चुंबकाला चिकटणे सोडते, आणि बहुतेक साध्या पोलादांना पाणी पाजण्याची, म्हणजे तापलेले पाते पाण्यात बुडवून कठीण करण्याची, योग्य वेळ त्याच्या थोडी पुढेच येते. ऐरणखोऱ्यात म्हणतात, ‘लोखंडाने उत्तर दिशा विसरली, आता ते देवाचे.’ त्या क्षणी पाते पाण्यात जाते. आतून ‘टिक’ असा बारीक आवाज आला तर तडा गेला, देवाने नाकारले. तसे पाते विकत नाहीत, लपवतही नाहीत. ते पुढच्या गोळ्यात परत जाते.

पाणी पाजलेले पोलाद कठीण होते तसेच काचेसारखे ठिसूळही होते, म्हणून ते पुन्हा हलके तापवावे लागते. घासून उजळलेल्या पृष्ठभागावर तेव्हा रंग धावतात: आधी वाळल्या गवतासारखा पिवळा, मग तपकिरी, मग जांभळा आणि शेवटी निळा. सव्वादोनशे ते तीनशे अंशांच्या दरम्यानचा हा खेळ आहे. पिवळ्यावर थांबले तर वस्तऱ्याची धार मिळते, जांभळ्यावर कुऱ्हाडीची, निळ्यावर करवतीची लवचीकता. याला तेथे देवाचे वस्त्र पाहणे म्हणतात.

धगोबाचा मुख्य सण कोणता?

ऐरणपोळा. त्या दिवशी ऐरणीवर एकही घाव पडत नाही. बैलाला पोळ्याला जसे जू चुकते, न्हाऊमाखू घातले जाते, गोडधोड मिळते, तसे ऐरण, घण, सांडशी, छन्नी, कानस यांना त्या दिवशी मिळते. भात्याच्या चामड्याला तेल चोळतात आणि तो मोकळा फुगवून ठेवतात, कारण देवानेही एक दिवस नुसता श्वास घ्यावा.

खऱ्या जगातले आधार येथे भरपूर आहेत. आपल्याकडे आश्विन शुद्ध नवमीला, खंडेनवमीला, अवजारे धुऊन त्यांना झेंडूची फुले वाहतात. बंगाल, ओडिशा, बिहारकडे विश्वकर्मापूजा बहुधा १७ सप्टेंबरला येते आणि त्या दिवशी कारखान्यांतील यंत्रे बंद असतात. जपानमधील लोहार ८ नोव्हेंबरला भात्याचा सण करतात आणि त्यात संत्री वाटण्याची रीत होती. हत्यार थकते, त्यालाही विसावा लागतो, ही जाणीव एकमेकांना कधीही न भेटलेल्या लोकांना झाली, आणि पोळ्याच्या मुलखातल्या लेखकाला तर ती शिकावीही लागली नाही.

धगोबा चमत्कार करतो का?

नाही. ऐरणखोऱ्याच्या शेजारच्या मुलखातील देव नद्या उलट्या वाहवतात. धगोबा मात्र नीट फुंकलेल्या भट्टीला नीट गोळा देतो. त्याच्या भक्तांना याहून जास्त काही नको असते.

धगोबाच्या नावाने शपथ कशी घेतात?

थंड लोखंडाचा तुकडा ओठांना लावून. पश्चिम आफ्रिकेतील योरुबा लोकांचा ओगुन हा लोखंडाचा देव आहे आणि नायजेरियातील न्यायालयांत पारंपरिक धर्माचे लोक लोखंडावर शपथ घेतात. ओगुनचे भक्त आज केवळ लोहार नाहीत. वाहनचालक आणि मेकॅनिकही त्याला मानतात, कारण लोखंड जेथे गेले तेथे त्याचा देवही गेला. ऐरणखोऱ्यात खोटी शपथ घेणाऱ्याच्या घरचे लोखंड गंजते अशी समजूत आहे, आणि तेथील पावसाळा पाहता प्रत्येकाच्या घरचे लोखंड थोडे तरी गंजतेच. न्यायाधीशांना त्यामुळे फार विचार करावा लागतो.

तो सुष्ट देव आहे की दुष्ट?

हे कोणाला विचारता त्यावर अवलंबून आहे, आणि या उत्तरासाठी मी सर्वांत जास्त वेळ घेतला.

झारखंडमधील असुर ही पिढ्यान्‌पिढ्या लोखंड गाळणारी जमात आहे. त्या भागात सांगितल्या जाणाऱ्या मुंडा जमातीच्या कथेत असुरांच्या भट्ट्या रात्रंदिवस धडधडतात, धुराने आणि धगीने सृष्टी होरपळते आणि सिंगबोंगा हा सूर्यदेव त्यांना थांबवायला सांगतो. ते ऐकत नाहीत. मग तो अंगभर खरूज झालेल्या पोराच्या रूपाने येतो, भट्टीत स्वतःचा बळी देऊ करतो आणि आतून सोन्याने लखलखत बाहेर पडतो. त्या सोन्याच्या लोभाने असुर पुरुष भट्टीत शिरतात, बाहेर बायका भाते चालवत राहतात आणि आतले सगळे जळून मरतात. शेती करणाऱ्यांच्या बाजूने ही उन्मत्तांना मिळालेल्या शिक्षेची कथा आहे. भट्टीवाल्यांच्या बाजूने ती फसवून केलेल्या कत्तलीची कथा आहे. आगरियांकडे तर लोहासुर, कोयलासुर आणि अग्यासुर ही लोखंडाची, कोळशाची आणि आगीची दैवतेच आहेत. ‘असुर’ हा शब्द तेथे आदराने उच्चारला जातो. एकाच धुराकडे दोन गावांतून पाहिले तर दोन धर्म दिसतात.

ऐरणखोऱ्याच्या खालच्या अंगाला शेतकरी राहतात. त्यांच्या दृष्टीने धगोबा हा जंगल खाणारा देव आहे आणि ते खोटे बोलत नाहीत. साध्या खड्ड्यात किंवा ढिगाऱ्यात कोळसा पाडताना एक किलो कोळशासाठी पाच ते सात किलो लाकूड लागते. वर दिलेल्या तातारा भट्टीच्या आकड्यांना याने गुणले, तर एका खेपेला किती झाडे पडत असतील ते कळते. म्हणून भट्टी पेटण्याआधी धगोबाच्या भक्तांना वनाची परवानगी मागावी लागते, तोडलेल्या रानाला तीस वर्षे हात लावायचा नाही असे व्रत घ्यावे लागते, आणि ते व्रत मोडणाऱ्याच्या कोनाड्यातला धगोबा गावकरी येऊन फोडतात. तिसऱ्या कथेतील सगळे भांडण याच फोडलेल्या नळीवरून आहे. त्या भांडणात कोणाची बाजू खरी, हे मी तेथे सांगितलेले नाही आणि येथेही सांगणार नाही, कारण मला दोन्ही बाजूंची माणसे प्रिय आहेत.

तांबट आणि कासार यांचाही तो देव आहे का?

आहे, पण ते त्याला धाकटा मानतात. तांबे १०८५ अंशांना वितळते आणि ओतताही येते, म्हणून त्यांची मुख्य देवता मुसाई. पुण्याच्या तांबट आळीत एका वेळी अनेक हातोड्या तांब्यावर पडताना ज्याने ऐकल्या असतील, त्याला तांबट पक्ष्याचे नाव कुठून आले हे विचारावे लागत नाही. ऐरणखोऱ्यातही तो पक्षी आहे आणि त्याची टुकटुक ऐकू आली की तांबे घडवायला दिवस चांगला समजतात.

आकाशातून पडलेल्या लोखंडाला तेथे पवित्र मानतात का?

मानतात, पण त्याला धगोबाचे म्हणत नाहीत, कारण ते कोणी फुंकलेले नसते. इजिप्तच्या तुतनखामेनच्या थडग्यातील खंजिराचे लोखंड उल्केचे आहे, हे त्यातील निकेलच्या प्रमाणावरून सिद्ध झाले आहे. मला त्याहून जवळची वाटते ती जहांगीर बादशहाने आपल्या आठवणींत लिहिलेली हकिकत. १६२१ साली जालंधरच्या परिसरात उल्का पडली. बादशहाने तिच्या लोखंडाची तलवार करायला सांगितली, पण ते हातोड्याखाली टिकेना, तुकडे होऊ लागले. शेवटी तीन भाग उल्केचे आणि एक भाग जमिनीवरचे साधे लोखंड मिसळल्यावर हत्यारे घडली. ऐरणखोऱ्यात हाच धडा ‘आभाळाला मातीची भर’ या म्हणीत आला आहे.

तुमच्या कथांत तलवारी साच्यात ओतून का बनवत नाहीत?

कारण तशा तलवारी चालत नाहीत. कासे ओतता येते आणि कांस्ययुगातील तलवारी ओतलेल्याच असत. ओतलेले लोखंड म्हणजे बीड, आणि बिडाची तलवार पहिल्या घावात मोडेल. लोखंडी पाते तापवून, ठोकून, दुमडून, पुन्हा तापवूनच घडते.

पुजारी कोण असतो? ते पद वंशपरंपरेने येते का?

वेगळा पुजारी नाही. त्या रात्री भट्टीवर जो सर्वांत वयस्क भातेकरी असेल त्याच्याकडे किंवा तिच्याकडे मान जातो. कसब घराण्यात राहते हे खरे, पण ओवीचा ताल ज्याला धरता येतो त्याला कोणत्याही घरचा असला तरी भात्यावर बसू देतात, हा नियम मी जाणूनबुजून ठेवला आहे.

धगोबा माझ्या कथेत किंवा खेळात वापरला तर चालेल का?

चालेल. त्याला नवे सण द्या, नव्या ओव्या द्या, हवे तर नावही बदला. एक विनंती आहे: लिहिण्याआधी चालू भट्टीजवळ अर्धा दिवस बसा. अजूनही तालुक्याच्या बाजारात, एखाद्या उसाच्या गावाबाहेर, कोयते घडवणारी पालं पडलेली असतात. बहुतेकांकडे आता हाताचा भाता जाऊन विजेचा पंखा आला आहे, तरी निखारा तसाच उजळतो. जाताना एखादा विळा शेवटून घ्यायला न्या, म्हणजे त्यांच्या कामात तुमची अडचण होणार नाही, आणि तो तापून रंग बदलू लागला की एक डोळा मिटून पाहा.